गुंडीचा पाय

या, असे जवळ सरका. भिंतीला टेकलात तरी चालेल, पाय पसरलेत तरी चालेल, कान तेवढे इकडे असू द्या. आज राजाची गोष्ट नाही, ऋषीची नाही. एका कुत्रीच्या पायाची गोष्ट आहे. हसू नका. ज्यानं हत्तीला सोंड दिली त्यानंच कुत्रीला पंजा दिला, आणि त्याच्या दरबारात सोंड मोठी नि पंजा लहान असा भेद नाही. पंजा संकटात सापडला की तो मदत पाठवतो, मात्र स्वतः येत नाही, शेजारपाजारच्याच कुणाला तरी पुढे करतो. त्या दिवशी कुणाला पुढे केलं, ते ऐका.

एका गल्लीत कुशनचं दुकान होतं. बसलेले सोफे, कुरकुरणाऱ्या खुर्च्या, स्प्रिंग वर आलेली बाकं, असा सगळा जखमी ऐवज तिथे यायचा आणि धडधाकट होऊन जायचा. पुढच्या खोलीत दादा, मागच्या खोलीत वहिनी. नवराबायको ते, पण सारी गल्ली त्यांना दादा-वहिनीच म्हणायची, म्हणून आपणही तसंच म्हणू.

दादांचं काम ताणायचं. आधी लाकडी सांगाड्यावर पट्टे ताणायचे, मग शेवटी वरचं कापड ताणायचं. त्यांच्या हाताला असा गुण होता की कापडावर सुरकुती म्हणून दिसायची नाही. काम संपलं की दादा बैठकीवर मधल्या बोटानं टिचकी मारत. टण्ण असा आवाज आला की मान हलवत, आणि मग त्या कामाला पुन्हा हात लावत नसत. झालं म्हणजे झालं. एकदा ठोकलेलं आपण उघडत नाही, असं ते अभिमानानं सांगत, आणि उघडायची वेळही त्यांच्यावर कधी आली नव्हती.

वहिनींचं काम भरायचं. पट्टे आणि कापड यांच्यामध्ये जे काही असतं ते सगळं वहिनींचं. काथ्या कुठे किती, कापूस कुठे किती, कोपऱ्यात जास्त, मध्ये कमी, माणूस टेकतो तिथे उतार. भरून झालं की त्या तळहात ठेवून हलकेच दाबत, डोळे मिटत आणि म्हणत, "हं." हा हं आल्याशिवाय दादांनी कापडाला हात लावायचा नाही, असा दुकानाचा नेम होता. कुणी ठरवला होता कोण जाणे. लग्न झाल्यापासून चालत आला होता.

आणि दुकानात तिसरी होती गुंडी. दुरुस्तीला आलेल्या एका सोफ्याच्या फाटक्या पोटात ती पिल्लू होऊन झोपलेली सापडली होती. सोफ्याच्या मालकाला पत्ता नव्हता. बाहेर काढली तेव्हा तिच्या तोंडात सोफ्याचीच एक गुंडी होती आणि ती सोडायला तयार नव्हती. नाव शोधायची गरजच पडली नाही. अंगानं मध्यम, रंगानं काथ्यासारखी, एक कान उभा, एक पडका. समोरचा न्हावी म्हणायचा, "दादा, हिचा एक कान तुम्ही ताणलाय आणि एक वहिनींनी भरलाय."

आता संसार म्हटला की अबोला आलाच. अबोला तापासारखा असतो, दोन दिवस अंग मोडून काढतो आणि घाम येऊन उतरतो. या घरात अबोला आला की कारभार गुंडीमार्फत चालायचा.

त्या वेळचा अबोला जरा कडक होता. झालं होतं असं की, एक गिऱ्हाईक आपली खुर्ची न्यायला आलं, त्यात बसलं, आणि म्हणालं, "वा, उठावंसंच वाटत नाही." दादा फुलले. न्हावी तिथेच उभा होता, त्याच्यासमोर म्हणाले, "सगळी ताणाची करामत आहे साहेब. भरायचं काय, पोत्यात भुसा कुणीही भरतं." मधल्या पडद्यामागे वहिनी होत्या. त्यांनी हातातला कापूस टेबलावर ठेवला, पदर झटकला आणि काही न बोलता आत गेल्या. न्हाव्यानं आकाशाकडे पाहिलं. दादांना बोललेलं कळलं, पण जीभ दातांच्या आत परत घेता येते, शब्द येत नाही.

तेव्हापासून सुरू होतं.

"गुंडे, त्यांना म्हणावं, चहा झाकून ठेवलाय."

"गुंडे, तिला म्हणावं, साखर विसरली."

"गुंडे, त्यांना म्हणावं, ज्यांच्या जिभेवर एवढी साखर आहे त्यांना वरून कशाला हवी."

गुंडी बिचारी दोघांच्या मध्ये बसून एकदा इकडे बघायची, एकदा तिकडे, आणि दोघांसाठीही शेपूट हलवायची. तिच्यासारखा मध्यस्थ मिळणं कठीण. इकडचं तिकडे करत नव्हती आणि तिकडचं इकडे लावत नव्हती.

त्या सकाळी एक जुना, जड, तिघांचा सोफा आला होता. त्याचं कापड, काथ्या सगळं काढून नुसता सांगाडा भिंतीला उभा करायचा होता. एरवी हे काम दोघं मिळून करत. दादांनी सांगाडा धरायचा आणि वहिनींनी पायानं खाली लाकडाची पाचर सरकवायची. पण हाक मारायची कशी? अबोला ना. "गुंडे, तिला म्हणावं पाचर लाव," असं म्हणायला दादांचं तोंड उघडलंही होतं, पण मागच्या खोलीत कापूस पिंजायचं यंत्र घरघरत होतं. वहिनी नाकातोंडाला फडकं बांधून त्यापुढे बसल्या होत्या. त्यांना ऐकू जायचं नाही, आणि उठून सांगायला जायचं म्हणजे माघार. दादांनी सांगाडा एकट्यानं टेकवला. पाचर राहिली.

गुंडी तिच्या नेहमीच्या जागी, त्याच भिंतीशी पुढचे पाय लांब करून पडली होती.

सांगाडा सरकला तेव्हा आधी लाकूड फरशीवर घासल्याचा आवाज झाला, आणि मग असा एक आवाज, जो दादांनी गुंडीच्या तोंडून कधी ऐकला नव्हता. त्यांनी एकट्यानं तो सांगाडा उचलून बाजूला फेकला. त्या घटकेला त्यांच्या अंगात कुणाचं बळ आलं ते त्यांनाच माहीत. गुंडी तीन पायांवर उठली. चौथा, पुढचा उजवा, कोपराखाली लोंबत होता, जसा खुर्चीचा निखळलेला हात लोंबतो.

समोरून न्हावी धावत आला. त्याच्या दुकानात एक गिऱ्हाईक अर्ध्या गालाला फेस लावून आरशात बघत बसलं होतं.

"दादा, डॉक्टरला लावा," न्हावी म्हणाला.

दादांनी लावला फोन. प्राण्यांच्या डॉक्टरीणबाई गावाबाहेर एका गोठ्यावर गेल्या होत्या. गाय अडली होती. दुपारी दवाखान्यात येतील, असं फोनवरचा माणूस म्हणाला. आणि एक वाक्य म्हणाला, "तोवर पाय हलू देऊ नका."

आता हे वाक्य कुणाला सांगितलं बघा. ज्याचा जन्म एखादी गोष्ट हलू न देण्यात गेला त्याला. दादांच्या जिवाला धीर आला. हे तर आपलंच काम.

आधी त्यांनी पाय हातात धरला आणि सरळ करायला गेले. वाकडं त्यांना बघवत नसे, भिंतीवर दुसऱ्याच्या घरची तसबीर वाकडी दिसली तरी हात शिवशिवायचे. गुंडीनं त्यांचा तळहात दातांत धरला आणि लगेच सोडला. रक्त थोडंच आलं, पण दादांच्या काळजाला जास्त लागलं. त्यांनी सरळ करायचा नाद सोडला. दोन चपट्या लाकडी पट्ट्या घेतल्या, पायाच्या दोन बाजूंना लावल्या आणि खुर्चीच्या बुडाला लावतात तो जाड पट्टा वरून गुंडाळला. गुंडाळला, ओढला, दातात टोक धरून पुन्हा ओढला, आणि गाठ मारली. बोटं तेवढी बाहेर, पंज्यापासून कोपराखालपर्यंत एकसारखं. एक सुरकुती नाही. हात चालत होते तसे डोळेही वाहत होते, पण हातांना त्याचं काही नव्हतं.

आणि शेवटी, सवयच ती, मधल्या बोटानं टिचकी मारली.

टण्ण.

"काय बांधलंय," न्हावी म्हणाला. "हाडवैद्य झक मारतो. आता पाय काय, पायाची सावली हलायची नाही."

गुंडी गप्प झाली होती. जीभ बाहेर, नजर समोर. दादांना वाटलं, आराम पडला. त्यांनी तिला सोफ्याच्या गादीवर ठेवलं, भिंतीला टेकून बसले आणि पहिल्यांदा मोकळा श्वास घेतला. न्हावी उरलेला अर्धा गाल करायला गेला, आणि झटक्यात परत आला. तो गाल तसाच राहिला की काय, ते गोष्टीत नाही.

यंत्र थांबलं. पडदा सरला. वहिनी बाहेर आल्या, भुवयांवर, केसांवर कापसाचे तंतू. त्यांनी आडवा पडलेला सांगाडा पाहिला, भिंतीशी रिकामी जागा पाहिली, गादीवरची गुंडी पाहिली. सगळं समजायला त्यांना विचारावं लागलंच नाही. फडकं खाली ओढत त्या गुंडीपाशी बसल्या.

तळहात ठेवायचा, ही त्यांची जुनी रीत. डोक्यावर ठेवला, छातीवर ठेवला, मग बांधलेल्या पायाच्या टोकाला बाहेर आलेल्या बोटांवर ठेवला. तिथे हात थांबला. मग दुसऱ्या पंज्यावर ठेवला. पुन्हा पहिल्यावर.

"गुंडे," त्या हळू आवाजात म्हणाल्या, "त्यांना म्हणावं, या पायाची बोटं गार आहेत."

दादा भिंतीशीच होते. "गुंडे, तिला म्हणावं, फरशी गार आहे."

"गुंडे, त्यांना म्हणावं, तू गादीवर आहेस. आणि दुसरा पंजा गरम आहे."

"गुंडे, तिला म्हणावं, हलू द्यायचं नाही असं सांगितलंय. ते बांधकाम हलणार नाही."

न्हावी मध्येच म्हणाला, "अहो, तिला कशाला सांगताय, तिचाच पाय आहे तो." पण कुणी हसलं नाही, म्हणून तो गप्प झाला.

वहिनींनी बोटं जवळून पाहिली. मधली दोन नखं सुजेमुळे एकमेकांपासून फाकली होती. त्यांनी स्वतःच्या उजव्या हाताच्या पहिल्या बोटाकडे पाहिलं. गादीत गुंड्या बसवताना सुतळी त्या बोटाला गुंडाळून ओढावी लागते. ओढ जास्त झाली की बोटाचं टोक आधी लाल होतं, मग निळं, मग गार, आणि मग आपलंच बोट आपल्याला परकं वाटायला लागतं. आयुष्यभर त्यांनी हे रोज पाहिलं होतं आणि रोज सुतळी सोडली होती. गुंडीच्या पायावरची सुतळी कुणी सोडली नव्हती.

त्यांनी मान वर केली आणि थेट नवऱ्याकडे पाहिलं.

"अहो," वहिनी म्हणाल्या. "उघडा हे."

अबोला मोडला, मंडळी. तोही अपमान झालेल्या बाजूनं मोडला, याची नोंद घ्या. स्वतःचा मान बाजूला ठेवायला तिला एवढाही वेळ लागला नाही जेवढा मला हे सांगायला लागतोय.

दादा उठले नाहीत. "उघडलं आणि हाड आणखी सरकलं तर?"

"सरकू नये म्हणून पुन्हा बांधू. पण रक्त जायला वाट ठेवा."

"ती गप्प झालीय अगं. आराम पडलाय तिला."

"आराम नाही पडलेला. पायच कळेना झालाय तिला." वहिनींचा आवाज चढला नाही. "तुम्ही सांगाड्यावर थेट पट्टा ताणलात. मध्ये काय आहे? हाड आणि पट्टा, मध्ये कातडी चेपलीय. भराव कुठाय?"

दादा त्या बांधलेल्या पायाकडे बघत राहिले. तुम्ही कधी आपल्या हातचं उत्तम काम पाहिलंय? मन लावून केलेलं, कुणीतरी नावाजलेलं? मग तुम्हाला कळेल त्यांना काय वाटलं असेल. तो पट्टा इतका सुरेख बसला होता, आणि तो उघडायचा म्हणजे कबूल करायचं की सुरेख बसला होता हेच वाईट झालं. न्हावी बघत होता. आयुष्यात न उघडलेलं पहिल्यांदा उघडायचं होतं. नाही उघडलं आणि उद्या पाय गेलाच, तरी लोक मोडलेल्या हाडालाच दोष देतील, माझ्या गाठीला नाही, असा एक वाईट विचारही येऊन गेला त्यांच्या मनात. माणूसच तो.

मग त्यांनी गुंडीच्या बोटांवर स्वतःचा हात ठेवला. एवढंच केलं. आणि कात्री उचलली.

इथे मला दादांनाही नमस्कार करावासा वाटतो. चूक सुधारणारे पुष्कळ भेटतात. पण ज्या कामाला सगळे वाहवा म्हणतायत ते काम आपल्याच हातानं कापायला बसणारा विरळा.

गाठ इतकी आवळली होती की सुटण्यातली नव्हती. वहिनींनी कात्रीचं पातं आणि गुंडीची कातडी यांच्यामध्ये आपलं बोट घातलं. "कापा. आधी माझं बोट लागेल, मग तिचा पाय. तेव्हा जपून कापाल." दादांनी कापलं. पट्टा दोन बाजूंना उघडला. खाली केसांमध्ये पट्ट्याचे वळ उमटले होते, विणीसकट.

क्षणभर काही झालं नाही. मग गुंडी किंचाळली.

दादा मागे सरले. "बघ, दुखावलं तिला. सांगत होतो मी."

"ओरडू दे," वहिनी म्हणाल्या. त्यांच्या डोळ्यांतून पाणी घळघळत होतं आणि चेहऱ्यावर हसू होतं. "ओरडतेय ना? म्हणजे पाय अजून तिचाच आहे."

आता पुढचं ऐका, कारण खरं काम इथून सुरू होतं.

"आधी तिचं तोंड बांधू," वहिनी म्हणाल्या. "सैल, मऊ कापडानं. श्वास नीट चाललाय ना बघा. उलटीबिलटी होईलसं दिसलं तर लगेच सोडायचं."

"मला चावली ती मघाशी," दादा म्हणाले, लहान मुलानं तक्रार करावी तसं.

"ती नाही चावली. तिचं दुखणं चावलं. आणा ते कापड."

मऊ पट्टी तोंडावरून फिरवून, हनुवटीखालून घेऊन कानांमागे बांधली. मग वहिनी आत गेल्या आणि ओंजळभर कापूस घेऊन आल्या, नुकताच पिंजलेला, ज्यात एकही सरकी नाही, एकही गाठ नाही असा. तो एका दूरच्या गिऱ्हाइकाच्या आरामखुर्चीसाठी बाजूला काढला होता. खुर्ची थांबेल.

दादांनी पाय पुन्हा उचलला, आणि सवयीनं तो पुन्हा सरळ करायला निघाले.

"नको," वहिनी म्हणाल्या. "जसा आहे तसा. सरळ करणं आपलं काम नाही, ते डॉक्टरीणबाईंचं. आपण त्या वाकडेपणालाच सांभाळायचं."

आणि त्यांनी भरायला घेतलं. पायाचा बाक जिथे आत गेला होता तिथे कापसाची जाड घडी. हाड टोचत होतं तिथे पातळ, पण दुहेरी. मनगटाच्या खोलगट जागेत चिमूटभर. कोपराच्या वरपर्यंत नेलं, कारण, "सांधा मोकळा राहिला तर पाय तिथून हलेल, मग खाली कितीही बांधा, उपयोग काय." बोटं मात्र उघडी ठेवली. वाकडा पाय होता तसाच, पण त्याच्याभोवती असा आकार उभा राहिला की आतल्या वाकडेपणाला कुठेही अधांतरी वाटू नये. वहिनींनी तळहात ठेवला, हलकेच दाबला. गुंडीनं हुं केलं पण पाय ओढला नाही. वहिनींनी डोळे मिटले.

"हं," म्हणाल्या.

दादा पुढे सरकले. तो हं किती दिवसांनी ऐकला, आणि केवढ्या वेळेला.

"आता तुम्ही," वहिनी म्हणाल्या. "या पट्ट्या बाहेरून ठेवा आणि कापड गुंडाळा. ओढायचं नाही."

"न ओढता कसं बसेल?"

"बाळाला दुपट्यात गुंडाळतात तसं. धरून ठेवायचं, आवळायचं नाही."

मंडळी, ज्या हातांनी कधी सैल म्हणून काही सोडलं नाही, त्या हातांना धरून ठेवा पण आवळू नका असं सांगणं म्हणजे पट्टीच्या गवयाला गुणगुणायला सांगणं. दादांना घाम फुटला. प्रत्येक फेऱ्याला हात आपोआप ओढायला जायचा, आणि प्रत्येक फेऱ्याला वहिनींचं बोट कापडाखाली असायचं. ते बोट मोकळेपणानं बाहेर निघालं तर फेरा बरोबर, नाही तर उलटा फिरवायचा. दोनदा उलटा फिरवला. तिसऱ्यांदा वहिनींना बोलावंही लागलं नाही, दादांनीच सोडला. शेवटची गाठ बाहेरच्या बाजूला, साधी, ओढली की सुटेल अशी. मग गुंडीचं तोंडही सोडलं.

दिसायला ते ओबडधोबड होतं. जाड, फुगीर, जागोजागी सुरकुत्या. न्हावी म्हणाला, "हे आपल्या दुकानातलं वाटत नाही." दादा म्हणाले, "तू गप रे, आणि तुझ्या गिऱ्हाइकाचा गाल बघ."

मग दोघं बोटांपाशी बसली. थोड्या थोड्या वेळानं वहिनी हात लावत, मग दादा लावत, मग एकमेकांकडे बघत. न्हाव्यानं बशीत दूध आणलं, तर वहिनींनी परत पाठवलं. "डॉक्टरीणबाईंनी भूल द्यायची म्हटलं तर? पोट रिकामं असू दे." दादा डबा उघडून स्वतःच्या पाठदुखीची गोळी शोधायला लागले, तर म्हणाल्या, "ती तुमच्या पाठीची आहे. तिला बाधली तर?" आणि मग एकदा दादांनी बोटांवर हात ठेवला आणि तो उचललाच नाही.

"काय झालं?" वहिनींनी विचारलं.

"ऊब आलीय," दादा म्हणाले. "हात लावून बघ. दुसऱ्या पायासारखीच."

वहिनींनी बघितलं नाही. त्या उठून पडद्यामागे गेल्या आणि थोडा वेळ तिथेच राहिल्या.

दुपारी हातगाडीवर फळी टाकली, फळीवर गादी, गादीवर गुंडी. एरवी या गाडीवरून सोफे जायचे. दादा पुढून ओढत होते, वहिनी बाजूनं चालत होत्या, आणि न्हावी दुकान बंद करून मागून ढकलत होता, जरी ढकलायची गरज नव्हती. रस्त्यात खड्डा दिसला की दादा गाडी वळवायचे. कोपऱ्यावर ओळखीच्या एका बाईंनी विचारलं, "काय हो, कुठली डिलिव्हरी?" दादा म्हणाले, "घरचीच आहे."

दवाखान्यात डॉक्टरीणबाई नुकत्याच आल्या होत्या. बाह्यांवर अजून गोठ्याचे डाग होते. गाय मोकळी झाली होती, वासरू ठणठणीत होतं, आणि बाई खुशीत होत्या. त्यांनी आधी गुंडीची बोटं दाबून पाहिली, मग हळूहळू कापड सोडलं, कापसाच्या घड्या एकेक करून काढल्या. काढताना सावकाश झाल्या.

"कोपराच्या वरपर्यंत घेतलंय," त्या म्हणाल्या. "बोटं मोकळी. आणि पाय ओढाताण न करता होता तसाच ठेवलाय. हे कुणी केलं?"

दादांनी एकदा न्हाव्याकडे पाहिलं. मुद्दाम पाहिलं. कारण ज्याच्यासमोर तोंडून गेलं होतं, त्याच्यासमोरच परत घ्यायचं होतं.

"भरलंय हिनं," ते म्हणाले. "सगळं भरण्यातच आहे बाई. मी नुसतं गुंडाळलं."

वहिनी खिडकीतून बाहेर बघायला लागल्या. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं.

"आणि आधी मी बांधलं होतं," दादा पुढे म्हणाले. हे कुणी विचारलं नव्हतं. "घट्ट. कापूस न घालता. बोटं गार पडली होती. हिनं उघडायला लावलं. ते तसंच राहिलं असतं तर?"

डॉक्टरीणबाईंनी चष्मा वर सरकवला. माणूस खरं विचारतोय म्हटल्यावर त्यांनी खरंच सांगितलं. "हाड तुटलेलं जोडता येतं, काका. पण रक्त बंद झालेला पंजा जोडता येत नाही. तसंच ठेवून आला असतात तर आज मी तुमच्याशी पाय काढण्याबद्दल बोलत असते."

दादांनी मान हलवली.

हाड एका जागी मोडलं होतं, फार सरकलं नव्हतं. भूल दिली, पाय बसवला, प्लास्टर झालं. येताना गुंडी गादीवर भुलीत घोरत होती. गाडी ओढता ओढता दादा म्हणाले, "आता मध्यस्थ झोपलाय. काही सांगायचं तर थेटच सांगावं लागेल."

"मग सांगा," वहिनी म्हणाल्या.

दादांनी एका खड्ड्याला वळसा घातला. मग म्हणाले, "पोत्यात भुसा भरणारा मीच."

"ते मला माहीत होतं," वहिनी म्हणाल्या. "तुम्हाला कधी कळतंय ते बघत होते." आणि मागून न्हाव्याला इतकं हसू फुटलं की गाडी वाकडी गेली.

प्लास्टर काढायचा दिवस आला तेव्हा दवाखान्यात तिघंही होती, न्हावी घरचाच असल्यासारखा. पाय बारीक झाला होता, केस विरळ. गुंडीनं तो फरशीवर टेकवला आणि लगेच उचलला. पुन्हा टेकवला. तिनं त्या पायावर थोडं वजन दिलं, जरा अजून दिलं, आणि मग जणू काही झालंच नव्हतं अशी दारातून बाहेर निघाली, किंचित लंगडत, एक कान उभा, एक पडका. बाहेर झाडाखाली एक मांजर बसलं होतं. ते पळालं, आणि गुंडी त्याच्यामागे चारही पायांनी. वहिनी तिला हाका मारत होत्या, "अगं सावकाश, सावकाश," आणि त्या हाकांमध्ये रागाचा लवलेश नव्हता.

आता माझी एक विनंती आहे, आणि मग तुम्ही घरी जायला मोकळे. उद्या तुमच्या घरी एखादं मुकं जनावर लंगडत येईल. जीव कळवळेल, हात घाई करतील, आणि प्रेमापोटीच तुम्ही गाठ आवळायला जाल. त्या वेळी या वहिनींची आठवण काढा. आधी मऊ काहीतरी घाला, वाकडं आहे ते वाकडंच राहू द्या, आणि बांधून झाल्यावर बोटांवर तळहात ठेवून बघा. गार लागली तर सगळ्यांनी वाहवा केलेली गाठसुद्धा सोडा. आणि ऊब लागली, तर मनातल्या मनात वहिनींना एक नमस्कार करा. त्यांना कळणार नाही. पण तुमचा हात हलका होईल.